कात्री आधी, कॅमेरा नंतर

एडिटरला कॅमेरामन जेवढा कळतो तेवढा सेटवर दिवसभर त्याच्या शेजारी उभ्या असणाऱ्यालाही कळत नाही, असं माझं ठाम मत आहे. कारण आमच्याकडे शॉट अख्खा येतो. 'ॲक्शन'च्या आधीचे सेकंद आणि 'कट'च्या नंतरचे सेकंद धरून, प्रेक्षकाला जे कधीच दिसत नाही ते सगळं. आधीच्या सेकंदांत तो फ्रेम शोधत असतो, मागून कुणीतरी 'दादा, लाइट जरा डावीकडे' म्हणत असतं, फोकस एकदा जाऊन परत येतो, आणि 'कट' झाल्यावर कुणी कॅमेरा लगेच सोडून देतो तर कुणी धरून ठेवतो कारण त्याला वाटत असतं अजून काहीतरी होईल. मी बरीच वर्षं मालिका एडिट करतेय, गोरेगावात, बहुतेक काम रात्रीचं, आणि आता असं झालंय की रशेस, म्हणजे त्या दिवशी शूट झालेले न कापलेले शॉट्स, उघडल्या की दोन-चार क्लिपमध्येच कळतं आज कॅमेऱ्यावर कोण होतं, रिपोर्ट बघावा लागत नाही.

त्यामुळे एडिटच्या खुर्चीवरून उठून कॅमेरा हातात घेतलेल्या माणसाबद्दल मला पहिल्यापासून फार ओढ आहे. आपल्याकडे असं सहसा होत नाही. कॅमेऱ्याची शिडी वेगळी, अटेंडंट, मग असिस्टंट, फोकस पुलर, ऑपरेटर आणि मग कधीतरी डीओपी, म्हणजे मुख्य छायाचित्रकार, आणि ही सगळी शिडी उन्हातान्हात चढायची. एडिटची शिडी एसीत, अंधाऱ्या खोलीत. दोघांची गाठ पडते ती बहुतेक भांडायलाच, 'तू हा शॉट घेतलाच का नाहीस' आणि 'तू माझा तो शॉट कापलासच का'. उलटा प्रवास मात्र आपल्या माहितीतला आहे, हृषीकेश मुखर्जी कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये आधी कॅमेऱ्यावर होते, तिथेच एडिटिंगकडे वळले आणि बिमल रॉयांबरोबर मुंबईला आले ते एडिटर म्हणून, 'दो बिघा जमीन' त्यांनीच एडिट केला. आणि अगदी मागे गेलं तर ही भिंत नव्हतीच. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' आणला तेव्हा त्र्यंबक तेलंगांना कॅमेरा चालवायला शिकवलं त्यांनी स्वतः, आणि फिल्मला भोकं पाडण्यापासून ती जोडण्यापर्यंतच्या कामात सरस्वतीबाई होत्या. शूट करणारे, धुणारे आणि जोडणारे हात एकाच घरात जेवत होते.

पण मला आज ज्याच्याबद्दल लिहायचंय तो अमेरिकेतला माणूस आहे, स्टीव्हन सोडरबर्ग. त्याला सगळे दिग्दर्शक म्हणूनच ओळखतात. 'ओशन्स इलेव्हन' बघितलेल्या किती जणांना माहितीये की त्याच्या क्रेडिट्समध्ये सिनेमॅटोग्राफर म्हणून जो पीटर अँड्र्यूज दिसतो तो सोडरबर्गच आहे? आणि पुढच्या अनेक फिल्म्सची एडिटर मेरी ॲन बर्नार्ड, तीही तोच. पीटर अँड्र्यू हे वडिलांचं नाव, मेरी ॲन बर्नार्ड आईचं लग्नाआधीचं. आईवडील एकेका टेबलावर बसलेत आणि मुलगा मधे उभा आहे, ही कल्पना मला पहिल्यांदा कळली तेव्हापासून आवडते.

जन्म १९६३ चा, वाढला लुइझियानातल्या बॅटन रूजमध्ये, वडील तिथल्या युनिव्हर्सिटीत. शाळेत असतानाच युनिव्हर्सिटीच्या मुलांबरोबर सुपर एटवर, म्हणजे हौशी लोकांच्या छोट्या फिल्म कॅमेऱ्यावर, छोट्या फिल्म्स करायला लागला, शाळा संपल्यावर कॉलेजला न जाता थेट हॉलिवूड गाठलं, आणि तिथे हाताला लागलं ते काम एडिटिंगचं, टीव्हीच्या एका कार्यक्रमासाठी. कार्यक्रम बंद पडला, मिळेल ते करत राहिला, मग परत बॅटन रूज. पुढे 'येस' या रॉक बँडच्या कॉन्सर्टची फिल्म १९८५ मध्ये केली, तिला ग्रॅमीचं नॉमिनेशन मिळालं. आणि १९८९ मध्ये 'सेक्स, लाइज अँड व्हिडिओटेप', वय २६, कान महोत्सवाचा पाम द'ओर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार. इथपर्यंतची गोष्ट सगळीकडे वाचायला मिळते. माझ्या कामाची गोष्ट ही की ती फिल्म त्याने स्वतः लिहिली, स्वतः दिग्दर्शित केली, स्वतः एडिट केली, आणि शूट मात्र वॉल्ट लॉइडला करायला दिली. म्हणजे कात्रीवर त्याचा पहिल्या दिवसापासून हक्क होता. कॅमेऱ्याला हात लावायला त्याने बराच वेळ घेतला.

१९९६ मध्ये त्याने 'स्किझोपोलिस' नावाची एक विचित्र फिल्म केली, गावातच, मोजकी माणसं घेऊन, अगदी कमी पैशात, आणि तिच्यात कॅमेराही त्याचा आणि मुख्य भूमिकाही त्याचीच. फिल्म म्हणून ती मला पूर्ण पटत नाही. पण ती बघताना जाणवतं की इथे कुणीतरी लहान मुलासारखं परत पाटी घेऊन बसलंय, आधीच्या दोन-तीन फिल्म्समधला जडपणा झटकतंय. आणि मजा म्हणजे त्यानंतर तो लगेच स्वतःच कॅमेरा घेऊन सुटला नाही. मोठ्या माणसांकडे जाऊन शिकल्यासारखी त्याने पुढची काही वर्षं काढली असं मला वाटतं. 'आउट ऑफ साइट' (१९९८) आणि 'एरिन ब्रॉकोविच' (२०००) एडिट केल्या ॲन कोट्स यांनी, म्हणजे 'लॉरेन्स ऑफ अरेबिया'च्या एडिटर, विझणाऱ्या काडीवरून थेट वाळवंटातल्या सूर्योदयावर जाणारा तो कट ज्यांच्या टेबलावरचा, तेव्हा त्यांनी सत्तरी ओलांडलेली होती. 'आउट ऑफ साइट'मधला बारमधला सीन मिळाला तर नक्की बघा, दोघं बारमध्ये बोलतायत, बोलणं चालूच राहतं आणि चित्र मधेच पुढे वरच्या खोलीत जाऊन परत खाली येतं, आधी काय आणि नंतर काय हे सगळं एकमेकांत विरघळलेलं. 'द लाइमी' आणि 'एरिन ब्रॉकोविच'चा कॅमेरा एड लॅकमनचा. म्हणजे एडिटिंग एका मोठ्या बाईंकडून आणि उजेड एका मोठ्या माणसाकडून जवळून बघून झाला, आणि मग त्याने 'ट्रॅफिक' स्वतः शूट केली.

'ट्रॅफिक' (२०००) बद्दल मी तासभर बोलू शकते. अमली पदार्थांच्या धंद्याच्या तीन गोष्टी, तीन ठिकाणं, पात्रं एकमेकांना जवळजवळ भेटत नाहीत, आणि अडीच तास एकातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात जायचंय. कोणत्याही एडिटरला ही स्क्रिप्ट द्या, त्याचा पहिला प्रश्न असेल की प्रत्येक कटनंतर आपण कुठे आलो हे बघणाऱ्याला कळणार कसं? नेहमीचं उत्तर म्हणजे ठिकाण दाखवणारा लांबचा शॉट टाका, खाली शहराचं नाव लिहा, मग आत जा. दर वेळी पाच-सहा सेकंद गेले. सोडरबर्गने ते काम रंगाला दिलं. मेक्सिको पिवळं, करपलेलं. वॉशिंग्टन आणि ओहायोची गोष्ट निळी, गारठलेली. सॅन दिएगो मऊ, उजळ, थोडं जास्तच ऊन खाल्लेलं. आता कुठूनही कुठेही कट करा, अगदी एखाद्या हाताच्या क्लोजवर किंवा बंद दारावर, पहिल्या फ्रेमलाच कळतं कुठे आलो ते. सॅन दिएगो आणि तिहुआना ही लागून असलेली शहरं आहेत, मधे फक्त सीमा, डोक्यावर ऊन एकच. त्या उन्हाचे त्याने दोन रंग केले कारण त्याला कट दिसत होते.

आणि हे सगळं नंतर संगणकावर रंगवलेलं नाही, मुख्यतः कॅमेऱ्यातच केलंय, यात माझा जीव अडकतो. निळ्यासाठी त्याने टंगस्टन फिल्म, म्हणजे बल्बच्या पिवळट उजेडासाठी बनवलेली फिल्म, दिवसाच्या उजेडात वापरली आणि मधे जो दुरुस्तीचा फिल्टर लावायचा असतो तो लावलाच नाही, की सगळं निळं येतं. मेक्सिकोसाठी तंबाखूच्या रंगाचा फिल्टर आणि शटर ४५ अंशांवर. हे शटरचं थोडं सांगते. शटर म्हणजे फिल्मसमोर फिरणारी चकती, तिची उघडी फट अंशांत मोजतात. फिल्म कॅमेऱ्यात नेहमी शटर १८० अंशांचं असतं, सेकंदाला २४ फ्रेम्स, म्हणजे प्रत्येक फ्रेमला साधारण एक अठ्ठेचाळीसांश सेकंद उजेड मिळतो आणि हलणारी वस्तू जराशी पुसट येते, त्या पुसटपणामुळेच हालचाल आपल्याला सलग वाटते. ४५ अंशांवर तोच वेळ चौपटीने कमी होतो, प्रत्येक फ्रेम कोरीव येते आणि हालचाल तुटक, टोचणारी. मेक्सिकोच्या भागात माणसं नुसती चालली तरी बघणाऱ्याला बेचैन होतं ते यामुळे. वर कॅमेरा बहुतेक वेळ हातात, स्वतःच्या खांद्यावर.

शिंपी स्वतः कापड आणायला गेला की रंगाआधी पन्हा बघतो, तसं आहे हे. दुसऱ्या कुणी ती फिल्म कदाचित जास्त देखणी शूट केली असती. पण शॉट जोडला कुठे जाणार आहे हे डोक्यात ठेवून केलेलं शूटिंग वेगळं दिसतं, आणि 'ट्रॅफिक'मध्ये ते फ्रेमाफ्रेमाला दिसतं. एडिट केली स्टीफन मिरिओनने, त्याला एडिटिंगचं ऑस्कर मिळालं आणि सोडरबर्गला दिग्दर्शनाचं, तेही अशा वर्षी की त्याच्यासमोर स्पर्धेत 'एरिन ब्रॉकोविच'साठी तो स्वतःच होता.

एक गोष्ट मात्र मला त्या पिवळ्याबद्दल बोलायलाच हवी. 'ट्रॅफिक'मध्ये तो रंग गोष्टीच्या रचनेतून आला होता, कारण समोर निळा होता. नंतर बाकीच्यांनी नुसता पिवळाच उचलला. गरीब देश दाखवायचा की लाव पिवळा, मग तो मेक्सिको असो नाहीतर आपल्याकडची एखादी गल्ली. आपली गल्ली पिवळी नसते हो, पावसात तर ती हिरवी-करडी असते. याचा राग मला येतो, आणि सोडरबर्गवर प्रेम असूनही त्याची सुरुवात 'ट्रॅफिक'सारख्या फिल्म्सनीच करून दिली हे मी नाकारत नाही.

पीटर अँड्र्यूज हे नावही 'ट्रॅफिक'च्याच वेळचं. त्याला 'दिग्दर्शन आणि छायाचित्रण' असं एकत्र क्रेडिट हवं होतं, पण तिकडच्या रायटर्स गिल्डचा नियम असा की लेखकाच्या आणि दिग्दर्शकाच्या नावांच्या मधे तिसरं काही येता कामा नये. सारखं सारखं स्वतःचंच नाव पडद्यावर नको म्हणून मग वडिलांचं नाव लावलं. 'सोलारिस'पासून, म्हणजे २००२ पासून, आईचंही.

आता सुरुवातीला म्हटलं त्या शॉटच्या शेपटीची, म्हणजे 'कट'च्या नंतरच्या सेकंदांची गोष्ट. 'कंटेजन' (२०११) ची सुरुवात आठवते का? कोरोनाच्या वेळी सगळ्यांनी परत बघितली होती. विमानतळावरच्या बारमध्ये एक बाई फोनवर बोलतेय, आजारी वाटतेय, समोर शेंगदाण्यांचा बाउल, ती कार्ड देते, पलीकडचा हात ते घेतो. साधी गोष्ट आहे. पण कॅमेरा माणसापेक्षा वस्तूकडे जास्त बघतो, आणि हात निघून गेल्यावरही वस्तूवर राहतो. बाउलवर, कार्डवर, पुढे ग्लासवर, बसमधल्या दांडीवर. नेहमीच्या शूटमध्ये हात फ्रेमबाहेर गेला की शॉट संपला, उरलेलं आम्ही फेकतो. इथे अख्खी भीती त्या फेकायच्या तुकड्यात ठेवलीये. हात गेल्यानंतरच्या सेकंदात काय पडलेलं असतं हे ज्याने वर्षानुवर्षं टेबलावर बघितलंय त्यालाच हे सुचतं, असं मला मनापासून वाटतं.

आमच्याकडे सांगलीकडचा एक मुलगा असिस्टंट होता, एडिटला. शांत, हुशार, सिंक लावताना, म्हणजे चित्राला आवाज जुळवताना, मधेच थांबून शॉट बघत बसणारा. तो पुढे एका छोट्या डॉक्युमेंटरीवर कॅमेरा करायला गेला, कोल्हापूरजवळच्या गुऱ्हाळावर, आणि मी डेटा सांभाळायला आणि खरं म्हणजे तो काय करतो ते बघायला बरोबर गेले. काहील चुलवाणावरून उतरवून गूळ वाफ्यात ओतायचा शॉट होता. प्रचंड वाफ, गोड वास, सगळे ओरडतायत, चार माणसं काहील तिरकी करतायत, दृश्य असं की कुणीही शूट केलं तरी छानच येईल. ओतून झालं, डायरेक्टर 'कट' म्हणाले. हा हललाच नाही. डायरेक्टर परत म्हणाले, "अरे कट म्हणालो ना." तर हा डोळा न काढता म्हणतो, "दादा, थांबा जरा." आणि त्या वाफेतून म्हातारा गुळव्या पुढे आला, काहिलीच्या कडेला राहिलेला गूळ खरवडला, बोटावर घेतला, फुंकर मारली, चाखला आणि कुणाकडेही न बघता मान हलवली. बस. नंतर मला म्हणाला, "ताई, ओतताना सगळे सारखेच दिसतात, ओतून झाल्यावर माणूस काय करतो तेच तर आपल्याला टेबलावर लागतं." सीन त्या मान हलवण्यावरच संपला, दुसरीकडे संपवायची जागाच नव्हती.

सोडरबर्गची काम करायची पद्धत अशी की दिवसाचं शूट संपलं की परतीच्या गाडीतच लॅपटॉपवर तो दिवस कापायला घ्यायचा, रात्री हॉटेलवर सीन उभा. सेट उद्याही उभाच असतो, त्यामुळे काही राहिलं असेल तर सकाळी घेता येतं. आमच्या मालिकांमध्येही त्याच दिवशी एडिट होतं, कधीकधी तर टेलिकास्टच्या काही तास आधी, पण ते घाईने, आणि राहिलेला शॉट मागायला समोर कोणी नसतं. आम्हाला भीतीपोटी सगळं मिळतं, मास्टर म्हणजे अख्ख्या सीनचा लांबचा शॉट, प्रत्येकाचा क्लोज, प्रत्येकाची रिॲक्शन, आणि नेमका हवा तो एक शॉट नसतो. त्याच्याकडे उलट आहे. 'द निक' या मालिकेचे दोन सीझन, २० भाग, सगळे दिग्दर्शित, शूट आणि एडिट त्याने एकट्याने केलेत, १९०० सालच्या न्यूयॉर्कमधलं हॉस्पिटल, आणि त्यात तो कित्येकदा बोलणाऱ्याला दाखवतच नाही, कॅमेरा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर धरून ठेवतो. बोलणाऱ्याचा क्लोज घेतलाच नसेल तर कापणार कशाला. टीव्हीवर काम करणाऱ्या माणसाला हे धाडस किती मोठं आहे ते कळेल.

आता दुसरी बाजू, कारण ती मला खरंच छळते. एकच माणूस तिन्ही टेबलांवर बसला की त्याला 'नाही' म्हणणारं कुणी उरत नाही. लॅकमनने शूट केलेली 'एरिन ब्रॉकोविच' लावा, तिच्यातलं कॅलिफोर्नियाचं ऊन बघा, ज्युलिया रॉबर्ट्सच्या चेहऱ्यावर ते कसं बसतं ते बघा. त्या तोडीचा उजेड पीटर अँड्र्यूजच्या फिल्म्समध्ये मला फार कमी वेळा दिसतो. खोलीत जो दिवा आहे तो, खिडकीतून जे येतंय ते, चेहरा अंधारात गेला तर गेला. बऱ्याचदा चालून जातं, काही फिल्म्समध्ये मात्र डोळे उपाशी राहतात. लॅकमनसारखा माणूस समोर असता तर त्याने भांडून तासभर जास्त मागून घेतला असता. वेग हा त्याचा मोठा गुण आहे, आणि मला वाटतं कधीकधी त्याच वेगात उजेड मागे राहतो. भांडणारा कॅमेरामन ही एडिटरला मिळालेली फार मोठी देणगी असते, हे मी इतक्या रात्री काढल्यावर सांगतेय.

तरीही त्याच्याबद्दलचा आदर कमी होत नाही, आणि त्याला कारण त्याने दुसऱ्यांसाठी केलेलं काम. २०१३ च्या सुमाराला त्याने सिनेमा दिग्दर्शित करणं थांबवतोय म्हणून जाहीर केलं होतं. त्या काळातली 'मॅजिक माइक एक्सएक्सएल' (२०१५) दिग्दर्शित केली ग्रेगरी जेकब्सने, जो वर्षानुवर्षं सोडरबर्गचा असिस्टंट डायरेक्टर होता, आणि तिचा कॅमेरामन कोण, तर पीटर अँड्र्यूज, एडिटर मेरी ॲन बर्नार्ड. ऑस्कर घरात असलेला माणूस आपल्याच असिस्टंटच्या सेटवर कॅमेरा उचलून उभा राहतो. त्याआधी 'हंगर गेम्स'च्या पहिल्या भागात मित्रासाठी सेकंड युनिट, म्हणजे मुख्य शूटच्या जोडीने चालणारं दुय्यम शूट, करून आला होता. पुढे 'अनसेन' अख्खी आयफोनवर केली. आणि अलीकडची 'प्रेझेन्स', तिच्यात तर कॅमेरा म्हणजेच घरातलं भूत, ते जे बघतं तेवढंच आपण बघतो, कॅमेरा चालवणारा तो स्वतः, सीन एकसलग, मग काळा पडदा, मग पुढचा सीन. आयुष्याची सुरुवात कापण्यापासून केली आणि साठीत येऊन सीनच्या आत कात्री लावायचीच नाही असं ठरवून फिल्म केली.

ज्यांना यातलं काही बघायचं असेल त्यांना मी एक मार्ग सुचवते, तो त्याचाच आहे. २०१४ मध्ये त्याने स्पिलबर्गची 'रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क' रंग काढून, संवाद काढून, वेगळं संगीत लावून आपल्या साइटवर टाकली होती, का, तर माणसं फ्रेममध्ये कुठे उभी केलीयेत आणि शॉट शॉटला कसा जोडलाय एवढंच दिसावं म्हणून. तसंच 'ट्रॅफिक'चा पहिला अर्धा तास आवाज बंद करून बघा, पण रंग काढू नका, तिथे रंगच सगळं बोलतोय. प्रत्येक कटला स्वतःला विचारा की कुठे आलो हे किती लवकर कळलं, कशावरून कळलं. मग आवाज लावून परत बघा. एडिट शिकणारी मुलं विचारतात तेव्हा मी त्यांना हेच करायला सांगते, आणि कॅमेरा शिकणारी विचारतात तेव्हा त्यांनाही.